काळतोंड्या, ताकद दोनशे बारा

बायकोला मी माझा रक्तदाब, माझी कर्जं आणि साखर वाढलेली असताना साताऱ्याच्या स्टँडवर लपून खाल्लेले कंदी पेढे — सगळं सांगितलेलं आहे. हे मात्र नाही. तिलाच काय, कुणालाच नाही. तीन वर्षं होत आली.

संधी मिळाली नाही असं म्हणायलाही जागा नाही. संधी रोज सकाळी साडेसहाला येते, नदीच्या घाटावरच्या कट्ट्यावर माझ्या शेजारी टेकते आणि विचारते, "सर, च्या सांगू का?" मी चहा घेतो. बोलत नाही.

आणि विषय तरी काय? मोबाईलवरचा एक खेळ. त्या खेळातला एक प्राणी — जो कधी जगलाच नाही, ज्याला रक्त नाही, आई नाही, लेंड्या नाहीत. तुम्ही हसाल. हसा. मीही पहिलं वर्ष हसण्यावारीच नेलं. एवढ्याशा गोष्टीचं काय मनाला लावून घ्यायचं, असं मी स्वतःला इतक्या वेळा सांगितलं, की एवढीशी गोष्ट असती तर इतक्या वेळा सांगावं का लागलं असतं, हा प्रश्न मलाच पडला.

आधी मी कोण ते सांगतो. म्हणजे पुढचं नीट कळेल. खरं तर पुढचं जरा लांबवता येईल म्हणून सांगतोय, हेही कबूल करून टाकतो.

मी कऱ्हाडातल्या एका महाविद्यालयात एकतीस वर्षं ग्रंथपाल होतो. राहायला मलकापूर. आमच्या भागात दोन पिकांना मरण नाही — ऊस आणि फ्लेक्स. ज्याचा वाढदिवस तो मधे, मोठा, हात जोडून. खाली शुभेच्छुकांची डोकी, बाजारात कोथिंबिरीच्या जुड्या मांडाव्यात तशी ओळीनं. मी या सगळ्याची चेष्टा करण्यात उभा जन्म घालवला. शाल, श्रीफळ, 'दोन शब्द बोलतो' म्हणून पाऊण तास बोलणारे अध्यक्ष — माझ्या तावडीतून कुणी सुटलं नाही. निवृत्तीच्या दिवशी मला शाल पांघरायला आले, तेव्हा मी म्हणालो, ही वाचनालयाच्या पश्चिमेकडच्या खिडकीला लावा, उन्हानं पुस्तकं पिवळी पडतात. लोक खूप हसले. मला वाटलं, आपण सुटलो. मोठेपणाची हाव या रोगाची आपल्याला लागण होत नाही.

माझ्याच बरोबर, त्याच महिन्यात, सिदू निवृत्त झाला. सिदू वाचनालयातला शिपाई. मूळ आटपाडीकडचा. बाप मेंढरं घेऊन दरसाल पश्चिमेला उतरायचा, कोयनेच्या खोऱ्यापर्यंत. सिदू त्या कळपाच्या मागून चालत चालत वाढला आणि मग कुणाच्या तरी ओळखीनं कॉलेजात चिकटला. अठ्ठावीस वर्षं त्यानं माझ्या हाताखाली पुस्तकं काढली आणि ठेवली. पण नंबर बघून कधीच नाही. मी पुस्तकांना विषयाप्रमाणे आकडे दिलेले, पाठीवर चिठ्ठ्या डकवलेल्या, कपाटांवर पाट्या. हा त्यातलं काही बघायचा नाही. मुलानं नाव सांगितलं की आत जायचा आणि पुस्तक घेऊन यायचा. मी एकदा चिडून विचारलं, तर म्हणाला, "सर, शंभर मेंढरांत आपलं कुठलं, ते नंबर टाकून कळतंय व्हय? रोज बघितलं की वळखू येतंय."

"नंबर बघून ठेवत जा," मी म्हणालो. तो "व्हय सर" म्हणाला आणि पुन्हा त्याच्या पद्धतीनं ठेवू लागला. मुलं नेहमी त्याच्याचकडे जायची. माझ्याकडे आकडे होते, त्याच्याकडे पुस्तकं. हे मला खुपत होतं का? तेव्हा विचारलं असतंत तर मी नाही म्हणालो असतो.

निवृत्तीनंतर डॉक्टर म्हणाले, चाला. पुण्याची भाची आली, तिनं माझ्या फोनवर तो खेळ घातला. चालल्याशिवाय यात प्राणी सापडत नाहीत, म्हणाली. फोनमध्ये आपल्याच गावाचा नकाशा दिसतो, आपण चालू तसे त्यावर चित्रविचित्र प्राणी उगवतात. ते पकडायचे, खाऊ घालायचे, वाढवायचे आणि दुसऱ्याच्या प्राण्यांशी झुंजवायचे. आधी मला हा सगळा पोरखेळ वाटला. आठ दिवसांनी मी संगमावरच्या बागेला तिसरी चक्कर मारत होतो, कारण झुडपामागे शेपटीला दिवा असलेलं काहीतरी दिसलं होतं.

मग घाटावर एक टोळीच जमली. सगळे साठीच्या आसपासचे. एक सुभेदार — सैन्यातून येऊन वीस वर्षं झाली तरी चालताना पाय आपटणारे. एक मेडिकलच्या दुकानाच्या मालकीणबाई, ज्यांना सगळे वहिनी म्हणतात. आणखी चारपाच जण. आणि सिदू. सिदूला त्याच्या मुलीनं, आटपाडीला मेंढरं राखणाऱ्या लक्ष्मीनं, आपला जुना फोन दिला होता. काच एका कोपऱ्यात तडकलेली. तो आम्हा सगळ्यांपेक्षा जास्त चालायचा. त्याला चालायला डॉक्टर लागत नव्हता.

आता त्या खेळातलं बळाचं गणित. ते कळल्याशिवाय मी काय केलं ते कळणार नाही.

प्रत्येक प्राण्याच्या डोक्यावर एक आकडा असतो. त्याची ताकद. कुणाची दीडशे, कुणाची अडीच हजार. पहिल्याच आठवड्यात मी टोळीला नियम घालून दिला — मोठा आकडा ठेवा, लहान सोडून द्या. फोनमधल्या कोठीत ठरावीक प्राणीच मावतात, त्यामुळे सोडावे लागतातच. नियम सोपा होता, ठाम होता आणि माझा होता. वहिनींनी तो व्हॉट्सॅपच्या ग्रुपवर टाकला, खाली माझं नाव घालून. लोक फोन पुढे करून विचारू लागले, "सर, हे ठेवू का हे?" मी आकडा बघायचो आणि सांगायचो. एकतीस वर्षांत वाचनालयात मला कुणी इतकं विचारलं नव्हतं.

सिदू मात्र लहान आकड्यांची जनावरं ठेवायचा. सगळी नाही, काहीच. त्यात एक होतं — मेंढ्यासारखं, मातकट अंगाचं, आखूड पायांचं, काळ्या तोंडाचं. खेळातलं त्याचं नाव परकं, आमच्यापैकी कुणालाच धड उच्चारता येत नव्हतं. सिदू त्याला काळतोंड्या म्हणायचा. मलकापूरच्या पुलाखाली सापडलं होतं. खाऊ घालून घालून ताकद जेमतेम दोनशे बारा. दोनशे बारा म्हणजे — कसं सांगू — सुभेदारांच्या एका प्राण्यानं नुसतं शिंकलं असतं तरी ते आडवं झालं असतं.

आठ महिने माझा नियम चालला. मग एका दुपारी घरी बसलो असताना मी इंग्रजीतला एक लेख वाचला आणि माझ्या कानशिलात वाजल्यासारखं झालं.

तो मोठा आकडा म्हणजे ताकद नव्हेच. म्हणजे असते, पण दोन गोष्टींची बेरीज असते ती. एक, तुम्ही त्याला किती वाढवलंय. दुसरी, जन्मतः त्यानं काय आणलंय. जन्माचे तीन आकडे असतात — हल्ला, बचाव आणि दम — प्रत्येक पंधरापैकी. ते डोक्यावर दिसत नाहीत. तीन बटणं आत जाऊन एक तपासणीची खिडकी आहे, तिथं तीन पट्ट्या दिसतात. खाऊ घालून मोठा आकडा वाढतो, या तीन पट्ट्या मरेपर्यंत बदलत नाहीत. तेव्हा अडीच हजारांचा एखादा नुसता खाऊन फुगलेला असू शकतो, आणि दोनशेचा एखादा असा, की वाढवला तर त्याच्या जातीत त्याला तोड नाही.

म्हणजे आठ महिने मी लोकांना कोकरं सोडायला लावत होतो.

सरळ माणसानं काय केलं असतं? दुसऱ्या दिवशी घाटावर जाऊन सांगितलं असतं — मी चुकलो. अडीच शब्दांचं काम. मी काय केलं? मी ठरवलं, हे योग्य वेळी, नीट मांडून, उदाहरणं देऊन सांगायचं. जणू आधीच्या चुकीचा मालक कुणी दुसराच आहे आणि मी ती शोधून काढणारा. भाषणाची पहिली दोन वाक्यंसुद्धा मनात तयार झाली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पोचायच्या आधीच सिदू बोलत होता.

सगळे कट्ट्यावर, तो समोर उभा, फोन दोन्ही हातांत धरलेला. त्याच्याकडे त्या काळ्या तोंडाच्या जातीची दोन जनावरं होती. त्यानं महिनाभर दोघांना सारखंच खाऊ घातलं होतं — याला एक तर त्याला एक, मोजून. आणि रोज आकडा लक्षात ठेवला होता. "सारखाच चारा घातला बगा," तो सांगत होता, "पर ह्या काळतोंड्यानं जास्त अंगाला लावलं. त्यो दुसरा नुस्ता खातोय. म्हंजी आकडा हाय त्यो चाऱ्याचा. हाड येगळंच असतंय. सरांस्नी इचारा."

मी तिथं उभा राहून ऐकत होतो. या माणसानं इंग्रजी लेख वाचला नव्हता. त्यानं बघितलं होतं. महिनाभर नुसतं बघितलं होतं आणि मी काल दुपारी आयतं वाचलेलं तो आज सकाळी स्वतःच्या जोरावर सांगत होता — माझ्यापेक्षा चांगल्या शब्दांत.

सुभेदार हसले. "गड्या, कॉलेजात अठ्ठावीस वर्सं काढली, तरी मेंढरं काय सुटंनात तुझी! ह्येला आता दावणीला बांधतोस का फोनला?"

"आवं सुभेदार, चेष्टा न्हाई. हाड लय चांगलं हाय ह्याचं."

मग त्यानं फोन माझ्या हातात दिला. पूर्ण विश्वासानं. अठ्ठावीस वर्षं पुस्तक हातात द्यायचा तसा.

मी काय केलं ते आता सांगतो. टाळत टाळत इथवर आलो, पुढे वाट नाही.

मी फोन छातीजवळ धरला, उन्हानं दिसत नाही असं काहीतरी पुटपुटलो आणि तीन बटणं आत जाऊन ती खिडकी उघडली. हल्ला — पंधरा. बचाव — पंधरा. दम — पंधरा. तिन्ही पट्ट्या काठोकाठ भरलेल्या. असा प्राणी सापडणं किती दुर्मीळ, ते काल वाचलेलं मला पाठ होतं. माझ्याकडच्या तीनशे प्राण्यांत असा एकही नव्हता. आमच्या टोळीत कुणाकडेच नव्हता. पुलाखाली सापडलेल्या, दोनशे बारा ताकदीच्या त्या आखूड पायाच्या जनावरात कणभर खोट नव्हती, आणि ते सिदूनं नजरेनं ओळखलं होतं.

मी खिडकी बंद केली. म्हणालो, "कचरा आहे. सोडून दे."

सिदू माझ्याकडे बघत राहिला. "सर, पर चारा सारखाच—"

"सिदू," मी म्हणालो, "हा काय आटपाडीचा बाजार आहे?"

सगळे हसले. वहिनीसुद्धा. मला अजून ते हसू ऐकू येतं — त्यात दुष्टपणा काही नव्हता, सकाळचं, मोकळं हसू. दुष्टपणा जेवढा होता तेवढा माझ्याकडे होता. सिदूही हसला, कारण सगळे हसत होते. मग म्हणाला, "तुमी म्हंता म्हंजी तसंच आसंल. तुमीच दाबा सर. माझा हात व्हईना."

मी दाबलं. खेळ विचारतो — नक्की सोडायचं? आणि एकदा सोडलं की परत मिळणार नाही, असं बजावून दुसऱ्यांदा विचारतो. दोन वेळा. मी दोन्ही वेळा हो म्हणालो. तो प्राणी वळला, त्यानं एकदा मागे बघितलं आणि गवतात निघून गेला. सगळ्यांचं तसंच होतं, ते चित्रच तसं बनवलंय. मला ते माहीत होतं. तरी मी फोन उलटा करून सिदूच्या हातात दिला.

का केलं? मत्सर म्हणावं तर इतक्या क्षुल्लक गोष्टीचा मत्सर असतो का? भीती म्हणावं तर कशाची — चहावाल्यासमोर चूक कबूल करायची? मी तीन वर्षं नाव शोधतोय. एवढंच कळलंय, की त्या मिनिटभरात माझं डोकं अगदी शांत होतं. रागाच्या भरात वगैरे काही घडलं नाही. पुस्तक कपाटात ठेवावं तसं मी ते केलं.

इथं थांबलो असतो तरी बरं होतं.

पंधरा दिवसांनी मी माझं भाषण केलं. योग्य वेळ आली होती. पुरावा गवतात गेला होता. ताकदीचा आकडा कसा फसवा असतो, जन्माच्या तीन पट्ट्या काय असतात, तपासणीची खिडकी कुठे सापडते — सगळं. आणि ते लोकांच्या पटकन ध्यानात यावं म्हणून म्हणालो, "एक चारा असतो आणि एक हाड असतं. आकडा चाऱ्याचा. आपण हाड बघायचं." सगळ्यांनी माना डोलावल्या. सुभेदार म्हणाले, "वा सर! काय पण सांगितलं!" पंधरा दिवसांपूर्वी हेच वाक्य त्यांच्या समोर उभं होतं, तेव्हा त्याच्या अंगावर माझा सदरा नव्हता. आणि सिदू? सिदू सर्वांत जास्त खूश झाला. त्याला वाटलं, सरांनी आपले शब्द घेतले म्हणजे आपला मान केला. मग म्हणाला, "माझं इतपत बरुबर हुतं म्हंजी, सर. जनावर तेवढं चुकलं."

वहिनींनी ते बोलणं फोनमध्ये भरून घेतलं होतं. ते साताऱ्याला गेलं, सांगलीला गेलं, मिरजेत कुणीतरी ऐकलं. दोन महिन्यांनी सांगलीच्या काही मोबाईल दुकानदारांनी या खेळाचा मेळावा भरवला — झुंजी, बक्षिसं, समोसे — आणि मला मार्गदर्शक म्हणून बोलावलं.

सभागृहाच्या दारात फ्लेक्स होता. मी मधे, मोठा. खाली दुकानदारांची डोकी, जुड्या. माझ्या नावामागे 'आकडेशास्त्राचे गाढे अभ्यासक'. मी तो बघितला आणि — मला हसू आलं नाही. मी बघितलं ते एवढंच, की फोटो बरा आलाय का. शाल आली, ती मी खांदे जरा उचलून घेतली. नारळ घेतला. 'दोन शब्द बोलतो' म्हणालो आणि किती बोललो ते मी मोजलं नाही.

सिदू पहिल्या रांगेत होता. इस्त्रीची टोपी घालून आला होता, आमच्या सरांचा सत्कार म्हणून. मी खाली उतरल्यावर शाल आणि नारळाची पिशवी त्यानं माझ्या हातातून काढून घेतली. मी काढू दिली.

झुंजीत त्यानं नाव दिलं होतं. लक्ष्मी आटपाडीहून बापाची झुंज बघायला आली होती, तीही शेजारी बसली. त्याचे तीन प्राणी मी निवडून दिले होते — मोठे, जरा बऱ्या पट्ट्यांचे. समोर मिरजेची एक तरुण बाई होती. तिचा पहिलाच प्राणी बाहेर आला तो काळ्या तोंडाचा. मातकट, आखूड पायांचा. त्याच जातीचा, पण वर्षभर पोसून वाढवलेला. त्यानं सिदूचे तिन्ही एकामागून एक लोळवले. सिदूनं हरताना फोनकडे बघितलंच नाही. त्या जनावराकडे बघत होता.

परतीची एस.टी. इस्लामपूरच्या स्टँडवर थांबली, तेव्हा संध्याकाळ होत होती. सिदू शेजारी, मांडीवर माझी पिशवी. लक्ष्मी सांगलीहूनच आटपाडीला परतली होती. तो म्हणाला, "सर, एक इचारू? त्या दिशी तुमी माझ्या काळतोंड्याच्या पट्ट्या बगितल्या हुत्या न्हवं?"

बघा. यानं मला दार उघडून दिलं होतं. पहिल्या वेळी लोक होते, हसू होतं, घाई होती — असं म्हणता तरी येईल. इथं ओळखीचं कुणी नव्हतं. शेंगदाणेवाला होता, तो खाली होता. मी एक वाक्य बोललो असतो, तर या माणसानं मला तिथल्या तिथं माफ केलं असतं, हे मला माहीत होतं. कदाचित म्हणूनच—

"बघितल्या होत्या," मी म्हणालो. "अर्ध्याच होत्या. एक तर अर्ध्याहूनही कमी."

ते शेवटचं वाक्य मी का जोडलं? खोटं सांगताना ग्रंथपालासारखं नेमकं सांगायची काय गरज होती?

सिदूनं मान हलवली. गाडी निघाली. माझी पिशवी मांडीवर सारखी करत तो म्हणाला, "मग माझी नजर गेली म्हणायची." आणि पुन्हा, "बरं झालं कळलं. लोकास्नी जनावरं निवडून देतो मी. कुनाचं तरी वाटुळं झालं आसतं."

हे मला माहीत नव्हतं असं समजू नका. माहीत होतं. आटपाडीच्या बाजाराला त्याचे भाऊबंद त्याला मुद्दाम बोलावून न्यायचे. कळपाला मेंढा घ्यायचा तर सिदूनं पाठीवर पंजा ठेवून हो म्हटल्याशिवाय कुणी घेत नसे. एका मेंढ्यावर पुढची चारपाच वर्षं सगळा कळप उभा राहतो. ते काम गावात दोघातिघांनाच जमतं, आणि सिदू त्यातला एक होता. कॉलेजात तो शिपाई होता, तिथं नव्हता. मी आणि त्या खेळानं मिळून त्याचं काय घेतलं, ते मला गाडी इस्लामपूरच्या बाहेर पडायच्या आत कळलं होतं.

त्यानंतर तो बाजाराला जाणं टाळू लागला. गुडघे दुखतात म्हणायचा. घाटाला सकाळी चार चकरा मारणाऱ्याचे गुडघे. खेळ मात्र सोडला नाही. फक्त स्वतः काही ठरवेनासा झाला. नवा प्राणी सापडला की फोन माझ्या पुढे धरतो, "सर, ठेवू का?" मी पट्ट्या बघतो आणि सांगतो. आता खरं सांगतो. अगदी काटेकोर खरं.

गेल्या महिन्यात सकाळी तो आला नाही. दहाच्या सुमाराला फोन आला. मागे बाजाराचा कालवा. लक्ष्मीच्या कळपाचा मेंढा मेला होता, नवा घ्यायचा होता, आणि तिनं हट्टानं बापाला नेलं होतं. "सर, दोन उरल्यात. फोटू टाकल्यात बगा. एक बेचाळीस किलोचा हाय, दुसरा चौतीस. दोघं एकाच वयाचं. कुठला घिऊ?"

मी म्हणालो, "सिदू, मला मेंढ्यातलं काय कळतं?"

"तुमास्नी आकड्यातलं कळतंय की," तो म्हणाला. टोमणा नव्हता. टोमणा असता तर बरं झालं असतं. मागून लक्ष्मीचा आवाज आला, "आबा, तुमी बगा की! त्यास्नी काय इचारताय?" आणि तो तिला म्हणाला, "गप गं. सर हायत."

मी फोन कानाचा काढून फोटो उघडले. बेचाळीसचा मोठा, रुंद, पोट सुटलेला, फोटोत एकटा उभा. चौतीसचा लहान, उंच मानेचा. आणि त्याच्या पाठीवर, फोटोच्या कडेनं आत आलेला, पंजा पसरून ठेवलेला एक हात. तो हात मी अठ्ठावीस वर्षं पुस्तकं देताना बघितलाय. करंगळी जराशी वाकडी.

मी फोटो मोठा करून पाहिला. त्या हाताला कळलेलं होतं. हाताच्या मालकाला कळलेलं नव्हतं, हाताला होतं.

"सर? ऐकू येतंय न्हवं?"

चौतीसचा म्हणालो असतो तर त्यानं विचारलं असतं — का? आणि त्या 'का'चं उत्तर एकच होतं, तुझी नजर कधी गेलीच नव्हती, आणि ते काळतोंड्यापाशी जाऊन पोचलं असतं.

"बेचाळीसचा घे," मी म्हणालो.

त्यानं तोच घेतला.